रोमच्या दगडांवरची नावे: कोरलेली, खोडलेली आणि मुद्दाम न कोरलेली

अक्षरवेडा (धागाकर्ता)

रोमन फोरमच्या, म्हणजे प्राचीन रोमच्या मध्यवर्ती चौकाच्या, कॅपिटोलाइन टेकडीकडच्या टोकाला सम्राट सेप्टिमियस सेव्हेरस याची विजयकमान उभी आहे. पार्थियन लोकांवरील विजयांच्या निमित्ताने सीनेट आणि रोमन जनता यांच्या वतीने ती इ.स. २०३ मध्ये अर्पण करण्यात आली. बहुतेक प्रवासी तिच्यासमोर छायाचित्र काढून पुढे सरकतात. गेल्या नोव्हेंबरात मी तिथे गेलो, तेव्हा सोबत दुर्बीण होती आणि हाताशी वेळही होता. त्यामुळे कमानीच्या माथ्यावरचा लेख अक्षर अक्षर लावून पाहता आला.

या लेखातील अक्षरे मुळात ब्राँझची होती. दगडात अक्षराच्या आकाराचा खळगा खोदायचा, खळग्यात बारीक भोके पाडायची आणि खुंट्यांच्या आधाराने धातूचे अक्षर त्यात बसवायचे, अशी ती पद्धत. धातू कधीच कोणीतरी उपटून नेला. आज उरले आहेत ते खळगे. चौथ्या ओळीपाशी मात्र नजर अडखळते. तिथला दगड आजूबाजूच्या दगडापेक्षा खोल तासलेला आहे, आणि आज वाचता येणाऱ्या अक्षरांशी ज्यांचा काही मेळ बसत नाही अशी जास्तीची भोके त्या ओळीत आहेत. त्या भोकांच्या मांडणीवरूनच अभ्यासकांनी मूळचा मजकूर लावला आहे: तिथे सेव्हेरसचा धाकटा मुलगा गेटा याचे नाव आणि ‘अतिथोर सीझर’ हे राजपुत्राचे बिरुद होते.

इ.स. २११ च्या फेब्रुवारीत सेव्हेरस वारला आणि काराकाला व गेटा हे दोघे भाऊ एकत्र राज्य करू लागले. वर्ष संपायच्या आत काराकालाने गेटाला ठार करविले. आई ज्युलिया डोम्ना हिच्या मिठीत असतानाच त्याच्यावर वार झाले, असे समकालीन इतिहासकार कॅसियस डिओ सांगतो. त्यानंतर साम्राज्यभर गेटाचे नाव खोडण्याचे काम सुरू झाले. या कमानीवर त्याच्या नावाच्या जागी ‘सर्वोत्तम आणि सर्वांत शूर अधिपतींना’ अशा अर्थाचे शब्द बसवले गेले. जागा तेवढीच भरायची होती, म्हणून तेवढ्या लांबीची स्तुती शोधली गेली. ज्या कारागिराला अक्षरे मोजून ती बसवावी लागली असेल, त्याची मला उगाचच दया आली.

आता मुद्द्याकडे येतो. रोमन स्मारकांविषयी आपण बहुधा घुमट, कमानी, काँक्रीट आणि मापे यांच्या भाषेत बोलतो. माझे म्हणणे असे आहे की, स्मारक बांधण्याइतकेच त्यावर नाव कोणाचे राहील हे ठरवणे हे रोममध्ये सत्तेचे काम होते आणि बांधकामापेक्षा त्यावरून अधिक झटापट झाली. लॅटिनमधील ‘मोनुमेंटुम’ हा शब्द ज्या क्रियापदावरून आला, त्याचे दोन अर्थ होतात: आठवण करून देणे आणि बजावणे. आपल्या ‘स्मारक’ या शब्दात पहिला अर्थ पुरता उतरला आहे. दुसरा समजून घ्यायला रोमलाच जावे लागते.

प्रजासत्ताकाच्या काळात ही स्पर्धा सेनापतींमध्ये चाले. युद्धाच्या धामधुमीत नवस बोलायचा, जिंकल्यावर लुटीतील आपल्या वाट्यातून देऊळ बांधायचे आणि त्यावर आपले नाव घालायचे, ही रूढ वाट होती. सेनापती पाँपीने इ.स.पू. ५५ मध्ये रोममधील पहिले कायमस्वरूपी दगडी नाट्यगृह बांधले. त्याआधी सुमारे शंभर वर्षे अशा बांधकामाला सीनेटचा विरोध होता; इ.स.पू. १५४ मध्ये तर अर्धवट उभे राहिलेले एक नाट्यगृह पाडून टाकण्यात आले होते. पाँपीने प्रेक्षागाराच्या माथ्यावर व्हीनसचे देऊळ बांधले आणि खालच्या बैठकी म्हणजे देवळाच्या पायऱ्याच आहेत, अशी भूमिका घेतली. या देवळाच्या लेखाची एक मजेदार हकिकत वक्ता आणि राजकारणी सिसेरो याचा चिटणीस टिरो याच्या पत्राच्या आधारे आपल्यापर्यंत पोहोचली आहे. ‘तिसऱ्यांदा कॉन्सल’ (कॉन्सल हे वर्षभराचे सर्वोच्च पद) हे लिहिताना ‘टेर्टिउम’ हे रूप शुद्ध की ‘टेर्टिओ’, यावर पंडितांचे एकमत होईना. अखेरीस पाँपीने सिसेरोला विचारले आणि त्याने कोणाही पंडिताला न दुखवता तोडगा दिला: फक्त ‘टेर्ट’ एवढेच कोरा.

यानंतर आला पहिला सम्राट ऑगस्टस, आणि त्याने नाव न कोरण्यातली ताकद ओळखली. आपल्या कार्याचा जो अहवाल त्याने मागे ठेवला, त्यात तो सांगतो की कॅपिटोलवरील देऊळ आणि पाँपीचे नाट्यगृह या दोहोंचा जीर्णोद्धार आपण मोठ्या खर्चाने केला आणि त्यावर स्वतःचे नाव कुठेही घातले नाही. पुढे सम्राट हेड्रियनने पँथिऑन हे देऊळ नव्याने बांधले, तेव्हा दर्शनी पट्टीवर स्वतःऐवजी दीडशे वर्षांपूर्वीच्या मूळ बांधणाऱ्याचे नाव ठेवले: ‘ल्युसियसचा पुत्र मार्कस अग्रिप्पा याने तिसऱ्यांदा कॉन्सल असताना हे बांधले.’ (इथे ‘टेर्टिउम’ पूर्ण लिहिलेले आहे; तोवर वाद मिटला असावा.) या नाव न घालण्याला आपण विनय म्हणावे का, हे मला जाणकारांकडून ऐकायचे आहे.

तळटीप

धागा आवडला. विनयाबद्दल माझे मत स्पष्ट आहे: ‘मी माझे नाव घातले नाही’ हे वाक्यच ज्याने ब्राँझच्या पत्र्यांवर कोरून स्वतःच्या समाधीपुढे लावायला सांगितले, त्याने नाव घातले नाही असे कसे म्हणायचे? ते पत्रे आज नाहीत, पण त्याच मजकुराची सर्वांत पूर्ण प्रत अंकाऱ्यातील रोमा आणि ऑगस्टस यांच्या देवळाच्या भिंतीवर, लॅटिनमध्ये आणि ग्रीक भाषांतरासह, अजून आहे. एका वर्षात, म्हणजे इ.स.पू. २८ मध्ये, रोममधील ८२ देवळांचा जीर्णोद्धार केल्याचा उल्लेखही त्यातच येतो. जीर्णोद्धाराचे पुण्य आणि नाव न घातल्याचे पुण्य अशी दोन्ही त्याच्या पदरात पडली. शिवाय बहीण ऑक्टेव्हिया, पत्नी लिव्हिया आणि भाचा मार्सेलस यांच्या नावांच्या वास्तू शहरभर होत्याच. शहरात फिरणाऱ्याला एकाच घराची ओळख सगळीकडून होत राहील, अशी ती व्यवस्था होती.

आणखी एक गोष्ट पाहण्यासारखी आहे. संपूर्ण अहवालात ऑगस्टस आपल्या रोमन शत्रूंपैकी एकाचेही नाव घेत नाही. ब्रूटस आणि कॅसियस यांचा उल्लेख ‘ज्यांनी माझ्या पित्याची हत्या केली’ असा येतो (पिता म्हणजे त्याला दत्तक घेणारा ज्युलियस सीझर), आणि अँटनी तर अनामच राहतो. नाव गाळणे हे शस्त्र त्याने दोन्ही बाजूंनी चालवले.

पँथिऑनच्या बाबतीत थोडी सावधगिरी हवी. हेड्रियनने एवढ्या बांधकामांपैकी केवळ आधीचा सम्राट ट्रेजन याच्या देवळावर स्वतःचे नाव घातले, ही माहिती ज्या चरित्रसंग्रहातून येते तो बराच उशिराचा आणि ठिकठिकाणी बेभरवशाचा आहे. विटांवरील शिक्क्यांवरून बांधकामाची सुरुवात ट्रेजनच्या अखेरच्या वर्षांत झाली असावी, असेही मानले जाते. परिणाम मात्र निर्विवाद आहे. त्या एका ओळीमुळे एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीपर्यंत ४३ मीटर व्यासाचा तो घुमट अग्रिप्पाचाच समजला जात होता. विटांचे शिक्के तपासल्यावर खरा काळ उलगडला.

साशंक

लेख उत्तम आहे, पण मूळ गृहीतकाविषयी मला शंका आहे. प्राचीन रोममध्ये वाचता येणारे लोक मूठभर होते. कमानीच्या माथ्यावर एवढ्या उंचीवर, संक्षेपांनी भरलेल्या लॅटिनमध्ये काय लिहिले आहे, हे बाजारात भाजी विकणाऱ्याला कसे कळणार? ट्रेजनच्या स्तंभाचेही तेच. इ.स. ११३ चा तो स्तंभ. त्यावर डेशियाच्या, म्हणजे आजच्या रोमानियाच्या भागातील, दोन युद्धांची कथा सांगणारी सुमारे २०० मीटर लांबीची शिल्पपट्टी पिळासारखी वर चढत जाते आणि तिच्यात अडीच हजारांवर आकृती आहेत. खाली उभ्या राहिलेल्या माणसाला पाचसहा वेढ्यांपलीकडे काहीही नीट दिसत नाही. मग हा सगळा खटाटोप कोणासाठी होता? मला वाटते, सीनेटमधील दोनतीनशे कुटुंबांनी एकमेकांना दाखवण्यासाठी. सामान्य माणसाला सत्ता कळत होती ती धान्याच्या वाटपातून, खेळांतून आणि नाण्यांवरच्या मुखवट्यातून.

अक्षरवेडा

साशंक, तुमची शंका रास्त आहे आणि स्तंभाबद्दलचे तुमचे म्हणणे मी मान्य करतो. तिथे ‘आहे’ हेच पुरेसे होते, वाचले जाणे गरजेचे नव्हते. लेखांच्या बाबतीत मात्र मी एक पुरावा पुढे ठेवतो. ‘सॅटिरिकॉन’ या लॅटिन कादंबरीतील मेजवानीच्या प्रसंगात गुलामगिरीतून मुक्त झालेला एक पाहुणा शिकलेल्या तरुणाला ठणकावतो की, मला भूमिती वगैरे येत नसली तरी ‘दगडावरची अक्षरे’ येतात. म्हणजे पुस्तक वाचता न येणारा पण मोठी कोरीव अक्षरे लावू शकणारा असा एक वर्ग लेखकाच्या डोळ्यांपुढे होता. सम्राटांच्या लेखांची भाषाही ठरीव असे. ‘इम्प’, ‘सीझ’, ‘ऑग’ हे सम्राटांच्या पदव्यांचे तुकडे नाण्यांवर रोज हाताखालून जात. तेच तुकडे कमानीवर हातभर उंचीचे दिसले की मधले नाव तेवढे ओळखायचे राही.

शिवाय सामान्य माणूस केवळ बघ्या नव्हता. जनावरांच्या जुन्या बाजारपेठेत, सान जॉर्जो इन व्हेलाब्रो या चर्चच्या भिंतीला खेटून, इ.स. २०४ चे एक लहानसे द्वार आहे. ते सराफांनी आणि गुरांच्या व्यापाऱ्यांनी स्वतःच्या खर्चाने सेव्हेरसच्या कुटुंबासाठी उभारले. आत एका बाजूला सेव्हेरस आणि ज्युलिया डोम्ना यज्ञ करताना कोरलेले आहेत आणि त्यांच्या शेजारी गेटा होता; आज तिथे नुसता खरवडलेला, खडबडीत दगड आहे. समोरच्या बाजूला काराकाला एकटा उरला आहे, कारण त्याची पत्नी प्लॉटिला आणि सासरा प्लॉटियानस यांच्याही आकृती काढून टाकल्या गेल्या. एका लहानशा द्वारात तीन माणसे छिनलेली आहेत. त्या व्यापाऱ्यांना राजघराण्यातील प्रत्येक भांडणाची बातमी ठेवावी लागत असणार, कारण आपल्या खर्चाने उभारलेल्या दगडावर चुकीचा माणूस शिल्लक राहणे परवडणारे नव्हते.

चुनखडी

कोलोसियमचा उल्लेख अजून कसा आला नाही, याचे आश्चर्य वाटले. नावांच्या या खेळातले ते सर्वांत चांगले प्रकरण आहे.

इ.स. ६४ च्या आगीनंतर नीरोने शहराच्या मध्यभागी आपला ‘सुवर्णमहाल’ पसरवला आणि त्यात एक कृत्रिम तळे केले. नीरोनंतरच्या यादवीतून सत्तेवर आलेल्या व्हेस्पेशियनने नेमक्या त्या तळ्याच्या जागी लोकांसाठी रंगमंडल बांधायला घेतले, आणि त्याचा मुलगा टायटस याने इ.स. ८० मध्ये शंभर दिवसांच्या खेळांनी त्याचे उद्घाटन केले. ‘रोम रोमला परत मिळाले’ असे कवी मार्शलने त्या वेळी लिहिले. राजाची खाजगी जागा लोकांना देऊन टाकणे यापेक्षा मोठी घोषणा कुठल्या लेखाने साधली असती?

पण लेखही होता. तिथे संगमरवराचा एक मोठा ठोकळा आहे, ज्यावर पाचव्या शतकातील दुरुस्तीचा लेख कोरलेला आहे. त्या लेखाच्या अक्षरांमधून आधीच्या ब्राँझ अक्षरांच्या खुंट्यांची भोके डोकावतात. गेझा आल्फल्डी या इतिहासकाराने १९९५ मध्ये त्या भोकांवरून मूळ मजकूर मांडला: सम्राटाने हे नवे रंगमंडल ‘लुटीच्या पैशातून’ बांधविले. ही लूट म्हणजे इ.स. ७० मध्ये उद्ध्वस्त केलेल्या जेरुसलेमची. त्यांच्या वाचनानुसार आधी नाव केवळ व्हेस्पेशियनचे होते, आणि नंतर त्यात ‘टायटस’साठी एकच अक्षर, ‘टी’, दाटीवाटीने घुसवले गेले. बापाचेही नाव व्हेस्पेशियनस आणि मुलाचेही, त्यामुळे एका अक्षराने इमारतीचा धनी बदलला. भोकांवरून मजकूर लावण्याला मर्यादा असतात आणि सगळे अभ्यासक या वाचनाशी सहमत नाहीत, पण मला ते पटते.

आता यातली गंमत पाहा. नीरोने आपल्या महालाच्या दाराशी सुमारे ३० मीटर उंचीचा ब्राँझचा प्रचंड पुतळा उभारला होता. व्हेस्पेशियनने तो वितळवला नाही. त्याला सूर्यदेव करून टाकले. हेड्रियनने तो हलवून रंगमंडलाजवळ आणला. कॉमोडसने त्याचे डोके काढून स्वतःचे बसवले आणि कॉमोडस मारला गेल्यावर तो पुन्हा सूर्य झाला. लॅटिनमध्ये अशा महाकाय पुतळ्याला ‘कोलोसुस’ म्हणत, आणि मध्ययुगात रंगमंडलाला जे ‘कोलोसियम’ हे नाव चिकटले ते या पुतळ्यावरून आले असे सामान्यतः मानतात. व्हेस्पेशियनच्या फ्लाविअन घराण्याने नीरोची आठवण गाडण्यासाठी जी इमारत उभारली, तिला जग आज नीरोच्या पुतळ्याच्या नावाने ओळखते.

वाटसरू

जेरुसलेमच्या लुटीचा विषय निघाला म्हणून टायटसच्या कमानीबद्दल लिहितो. ती टायटसच्या मृत्यूनंतर, म्हणजे इ.स. ८१ नंतर, पूर्ण झाली. आतल्या भिंतीवर देवळातून लुटलेली सात फाट्यांची दीपमाळ खांद्यांवर वाहून नेणारे सैनिक कोरलेले आहेत. या कमानीखालून जायचे नाही, असा प्रघात रोममधील ज्यूंनी शतकानुशतके पाळला. १९४९ मध्ये इस्रायलने राष्ट्रचिन्ह निवडले, तेव्हा त्यातील दीपमाळेचा आकार याच शिल्पावरून घेतला. हरलेल्यांच्या अपमानासाठी कोरलेले चित्र त्यांच्याच वंशजांच्या पारपत्रावर पोहोचले.

कमानीवरचे दोन लेख मी समोरासमोर वाचले. कोलोसियमच्या बाजूचा मूळचा लेख अगदी थोडक्यात आहे: सीनेट आणि रोमन जनता, दैवी व्हेस्पेशियनचा पुत्र दैवी टायटस याला. फोरमच्या बाजूला गेलो तर तिथे सातवा पायस या पोपचे नाव. मध्ययुगात ही कमान एका तटबंदीत गाडली गेली होती. १८२० च्या दशकाच्या सुरुवातीला जुझेप्पे व्हालादिएर या वास्तुविशारदाने ती मोकळी करून पुन्हा जुळवली. नवा भाग त्याने मुद्दाम संगमरवराऐवजी ट्रॅव्हर्टिन दगडात आणि कमी नक्षीचा ठेवला, जेणेकरून जुने कोणते आणि नवे कोणते हे पाहणाऱ्याला लगेच कळावे. दगडाच्या बाबतीत इतका प्रामाणिकपणा, आणि वर पोपचे नाव मात्र टायटसच्या तोडीच्या अक्षरांत! त्यातही पोपची पदवी ‘पोंटिफेक्स मॅक्सिमस’ (मुख्य पुरोहित), म्हणजे ऑगस्टसपासून सम्राट धारण करत आलेली तीच.

पाचव्या सिक्स्टसने तर १५८७ मध्ये ट्रेजनच्या स्तंभावर सेंट पीटरचा पुतळा चढवला आणि पुढच्याच वर्षी मार्कस ऑरेलियसच्या स्तंभावर सेंट पॉलचा. दुसऱ्या स्तंभाच्या चौथऱ्यावर त्याने जो लेख घातला, त्यात तो स्तंभ मार्कसने अँटोनायनस पायसला अर्पण केला असे चुकीचे लिहिले आहे. ती चूक तिथे अजून तशीच आहे.

साशंक

सराफांच्या द्वाराचे उदाहरण मला माहीत नव्हते, त्याबद्दल आभार. तरीही मी माझा मुद्दा सोडत नाही; थोडा बदलून मांडतो. ज्याला अक्षर कळत नाही त्याला चेहरा कळतो, आणि रोमन सत्तेने चेहऱ्यांशी जे केले ते नावांपेक्षा जास्त बोलके आहे. सम्राट डोमिशियनचा इ.स. ९६ मध्ये खून झाला, तेव्हा सीनेटरांनी शिड्या आणवून त्याच्या प्रतिमा डोळ्यांदेखत खाली आपटवल्या, असे सुएटोनियस लिहितो. व्हॅटिकनच्या संग्रहात त्याच काळातील एका शिल्पपटावर डोमिशियनचा चेहरा तासून त्याच्यानंतर आलेल्या वृद्ध सम्राट नर्व्हाचा केलेला आहे. डोके शरीराच्या मानाने लहान दिसते, कारण दगड कमी पडला.

कॉन्स्टंटाइनच्या कमानीत तर ही कला पूर्णत्वाला पोहोचली. इ.स. ३१२ मध्ये मिल्व्हिअन पुलाजवळ कॉन्स्टंटाइनने प्रतिस्पर्धी मॅक्सेंटियसचा पराभव केला आणि ३१५ मध्ये कमान तयार झाली. तिच्यातील गोल शिल्पे हेड्रियनच्या काळातील, युद्धदृश्ये ट्रेजनच्या काळातील आणि वरचे चौकोनी पट मार्कस ऑरेलियसच्या काळातील. तीन सम्राटांचे चेहरे बदलून तिथे नवा चेहरा आणला गेला. घाईमुळे किंवा कारागिरांच्या अभावामुळे हे झाले, असे पूर्वी म्हणत. मला तो हिशेबी निर्णय वाटतो: लोकांच्या मनात चांगले ठरलेले तीन राजे एका माणसात उतरवायचे. लेखातही मॅक्सेंटियसचे नाव नाही. तो केवळ ‘जुलमी’ आहे. (हा शेवटचा मुद्दा माझ्या विरुद्ध आणि अक्षरवेडा यांच्या बाजूने जातो, हे मला कळते.)

मुक्काम_मिलान

मी इटलीत राहतो, म्हणून अलीकडची बाजू थोडक्यात मांडतो. मुसोलिनीला हे सारे नीट समजले होते. त्याने १९३२ मध्ये कोलोसियमपासून पियाझ्झा व्हेनेझियापर्यंत सरळ रुंद रस्ता काढला. त्यासाठी दाट वस्तीचा जुना भाग पाडला आणि व्हेलिया नावाची टेकडी कापली. सम्राटांच्या फोरमांचा मोठा भाग त्या रस्त्याखाली गेला. म्हणजे प्राचीन रोमच्या गौरवासाठी प्राचीन रोमवरच डांबर घातले. २ जूनचे प्रजासत्ताक दिनाचे संचलन आजही तिथूनच जाते.

ऑगस्टसच्या शांतिवेदीची कथा त्याहून नेमकी आहे. इ.स.पू. ९ मध्ये अर्पण झालेली ही वेदी शहरातील एका वाड्याखाली पाण्याने भरलेल्या जमिनीत अडकली होती. १९३७-३८ मध्ये जमीन कृत्रिमरीत्या गोठवून तिचे भाग बाहेर काढले आणि मूळ जागा सोडून ऑगस्टसच्या समाधीशेजारी ती जुळवली. ऑगस्टसच्या जन्माला दोन हजार वर्षे झाल्याचा तो सोहळा होता. तिच्याभोवती जे दालन बांधले, त्याच्या भिंतीवर तळटीप यांनी सांगितलेला तोच अहवाल संपूर्ण कोरला. जुने दालन काढून रिचर्ड मायर यांनी २००६ मध्ये काचेचे नवे संग्रहालय उभारले, पण ती कोरलेली भिंत राखली. मी तिथे बसलो होतो, तेव्हा एक शाळकरी मुलगा त्या भिंतीवरील ओळी बोटाने मोजत होता.

मुसोलिनीचे स्वतःचे नाव मात्र रोमने खोडले नाही. फोरो इटालिकोपाशी कारारा संगमरवराच्या उंच स्तंभावर ‘मुसोलिनी दुक्स’ (‘नेता मुसोलिनी’) ही अक्षरे आजही उभी आहेत. ती काढावीत की ठेवावीत, यावर अधूनमधून वाद होतो. माझे मत ठेवावीत असे आहे. माझ्या इटालियन शेजाऱ्याचे नेमके उलट आहे, आणि त्याच्या घराण्याचा इतिहास पाहता त्याला तसे वाटण्याचा पूर्ण हक्क आहे.

वाटसरू

अक्षरवेडा, एक शेवटचा प्रश्न. पँथिऑनवर अग्रिप्पाच्या मोठ्या ओळीखाली बारीक अक्षरांत आणखी दोन ओळी आहेत. त्या सेव्हेरसच्या आहेत असे वाचले. मग तिथेही गेटाचे नाव खोडलेले आहे का?

अक्षरवेडा

नाही, तिथे खोडण्यासारखे काही नव्हते. त्या दोन ओळी इ.स. २०२ च्या आहेत आणि त्यांत फक्त सेव्हेरस व काराकाला यांनी जुनाट झालेल्या पँथिऑनचा सर्व सजावटीसह जीर्णोद्धार केल्याचे लिहिले आहे. गेटाला ‘ऑगस्टस’ ही सम्राटाची पदवी मिळाली ती २०९ मध्ये. २०२ साली तो त्या ओळीत बसण्याइतका मोठा नव्हता. खालून त्या ओळी सहज दिसत नाहीत. अग्रिप्पाची ब्राँझची अक्षरे, जी एकोणिसाव्या शतकात नव्याने बसवलेली आहेत, तीच नजर धरून ठेवतात. दुपारी ऊन तिरपे झाल्यावर चौकातल्या कारंज्याच्या पायऱ्यांवरून पाहा, म्हणजे ‘सेव्हेरस’ एवढे तरी लागते. मला दुर्बिणीनेही पुढचा शब्द दुसऱ्या दिवशीच लागला.